'न' अक्षराचं यंत्र

शब्द उच्चारला की वस्तू हजर, शब्द पुसला की वस्तू गायब. असं यंत्र असू शकतं का? आपल्याकडे असा प्रश्न काढला की लगेच कुणीतरी त्याला शब्दब्रह्माचा टिळा लावतो आणि मग तासभर बाकीच्यांनी माना डोलवायच्या. मी त्या वाटेने जाणार नाही. मला हे यंत्र पोलंडमधल्या एका गोष्टीत भेटलं, आणि त्या गोष्टीतून मला आपल्या रस्त्यातलं गटार दिसलं.

गोष्ट स्तानिस्वाव लेम या लेखकाची. १९६५ साली त्याचं 'सायबेरियाडा' नावाचं पुस्तक आलं, त्यात ती आहे. इंग्रजीत १९७४ ला आली. मी इंग्रजीतूनच वाचली, डिक्शनरी मांडीवर घेऊन. ट्रुर्ल आणि क्लापाउत्सियुश असे दोन यंत्रमानव. दोघे पक्के कारागीर, दोस्त आणि एकमेकांवर जळणारे. (दुसऱ्याला मी नुसता क्लापा म्हणतो, जीभ वळत नाही.) ट्रुर्ल एक यंत्र बांधतो. 'न'पासून सुरू होणारी कुठलीही वस्तू मागा, यंत्र बनवून देणार. चाचणीला तो आधी धागे मागतो, कारण पोलिश भाषेत धाग्यांना 'निची' म्हणतात. यंत्र धागे काढतं. गिरणीतल्या माणसाला हे वाचून हसू येतं. ना कापूस, ना पिंजण, ना त्रासन खातं, ना रातपाळी. तोंडातून शब्द पडला की सूत तयार!

पुढे ट्रुर्ल त्याला नेट्रियम मागतो. यंत्र म्हणतं, असलं काही मी ऐकलेलं नाही. अरे, नेट्रियम म्हणजे सोडियम. यंत्र म्हणतं, मग ते आपल्या भाषेत 'स'चं झालं, लॅटिनमध्ये 'न' असेल तर मला काय त्याचं? साऱ्या जगाच्या भाषा धरल्या तर प्रत्येक वस्तू कुठल्या ना कुठल्या भाषेत 'न'नेच सुरू होणार, आणि मग मी सगळंच बनवणारं यंत्र झालो असतो. हा तुकडा वाचताना लोक हसून पुढे जातात. मी तिथे थांबलो. वस्तू तीच, पण तिचं नाव परक्या भाषेत असेल तर यंत्राच्या लेखी ती वस्तूच नाही. यंत्राला ज्याने बांधलं त्याच्याच भाषेत यंत्राला ऐकू येतं. हे ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे.

क्लापाला ही बढाई सोसत नाही. तो परीक्षा घ्यायला येतो. आधी असं काही मागतो की ट्रुर्लच्या अंगणात पंडितांची गर्दी होते, ते भांडतात, जाडजूड ग्रंथ लिहितात, दुसऱ्याचे फाडतात. (पंडित सगळीकडे सारखेच.) शेवटी क्लापा म्हणतो, 'काही नाही' करून दाखव. पोलिशमध्ये 'काही नाही'ला 'नित्स' म्हणतात, तेही 'न'चंच. यंत्र गप्प. क्लापा म्हणतो, हरलं! यंत्र म्हणतं, काम चालू आहे. नुसता हात जोडून बसलो असतो तर ते माझं रिकामं बसणं झालं असतं; तू मला 'काही नाही' बनवायला सांगितलंयस, म्हणून मी जगातून एकेक वस्तू काढून टाकतोय. आणि खरंच वस्तू नाहीशा व्हायला लागतात. क्लापा घाबरतो, ओरडतो, थांब, मागे घे! यंत्र थांबतं. पण गेलेलं परत आणायचं तर त्याला फक्त 'न'चं तेवढंच आणता येतं. बाकीचं गेलं ते गेलं. जग भोकाभोकांचं होऊन राहिलं.

जे गेलं त्यातल्या कितीतरी वस्तूंची नावं लेमने अशी घडवलीत की ती कुठल्या डिक्शनरीत सापडत नाहीत. वाचणाऱ्याला कळतच नाही काय होतं ते. शब्द उरलाय, वस्तू गेलीय. आपल्याकडे याच्या उलटं चालतं. शब्द काढून टाकतात, वस्तू जिथल्या तिथे. तीही माणसाच्या डोक्यावर.

हे यंत्र गोष्टीतलंच आहे असं समजू नका. साच्यावर काम केलेल्याला जेकार्ड माहीत आहे. १८०४ साली फ्रान्समध्ये लियाँच्या जाकारने ते बसवलं. पुठ्ठ्याचे पत्ते, पत्त्यांना भोकं. भोक आलं की सुई आरपार जाते, तिचा हूक वर उचलला जातो, उभा धागा उठतो. भोक नसलं की सुई मागे ढकलली जाते, धागा खालीच राहतो. पत्त्यांच्या माळेत लिहिलंय तेच फूल कापडावर येणार. विणकराने कितीही जोर लावला तरी कमळाचा गुलाब होत नाही. एका पत्त्यात एक भोक चुकलं तर सगळ्या ताग्याला प्रत्येक फेरीत तीच खोड. तेव्हा प्रश्न साच्याचा नाहीच, प्रश्न आहे पत्ते कोण कापतो.

हीच भोकांची युक्ती घेऊन हॉलेरिथ नावाच्या अमेरिकन माणसाने माणसं मोजायचं यंत्र केलं. १८९० ची अमेरिकेची जनगणना त्याच्यावर झाली. एका माणसाचा एक पत्ता. बाई की पुरुष, काळा की गोरा, सगळं भोकांत. १९३३ ची जर्मनीची जनगणनाही असल्याच यंत्रांवर मोजली. तोवर हिटलर सत्तेवर आला होता. १७ ऑगस्ट १९३८ ला तिथे हुकूम निघाला: ज्या ज्यू पुरुषाचं नाव सरकारी यादीतलं नसेल त्याने १ जानेवारी १९३९ पासून नावात 'इस्राएल' जोडायचं, बाईने 'सारा'. एवढंच. एक शब्द. पण त्या शब्दाने दारातून आत येणारा माणूस ओळखता यायला लागला.

लेम याच काळातला. जन्म १९२१, गाव ल्वूव, घर ज्यू. जर्मनांच्या ताब्यातल्या त्या शहरात तो खोट्या कागदांवर जगला आणि गॅरेजात मेकॅनिक-वेल्डर म्हणून राबला. कागदावर दुसराच शब्द होता म्हणून जीव वाचला. ज्याने हे अंगावर काढलं त्याने शब्दाच्या यंत्राची गोष्ट लिहावी आणि ती हसत हसत लिहावी, ह्याचं मला फार वाटतं.

आपल्याला नावाच्या हुकमाचं नवल वाटायचं कारण नाही. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नावं कशी ठेवायची ते सांगून ठेवलंय: ब्राह्मणाचं मंगल, क्षत्रियाचं बळाचं, वैश्याचं धनाचं, शूद्राचं हीन. चार वर्णांच्या बाहेरच्यांना तिथे जागाच नाही. आपल्या आज्या-पणज्यांची नावं आठवा. कचरू, दगडू, उकिर्डा, धोंडी. कुणी म्हणतं, पोर जगावं, दृष्ट लागू नये म्हणून ठेवलेली. असेलही. धोंडो वरच्यांतही होते. पण त्यांच्या धोंडोला 'पंत' लागायचं आणि आमच्या धोंड्याला 'ए' लागायचं. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी ते पुस्तक जाळलं. पुस्तक जळलं, नियम गावोगाव जिवंत राहिला, कारण तो कागदावर कमी आणि लोकांच्या तोंडात जास्त होता.

मुंबईच्या गिरण्यांत तर कागदाचीही गरज लागली नाही. विणाई खात्यात, म्हणजे साळखात्यात, पगार जास्त. तिथे अस्पृश्याला घेत नसत. का? तर तुटलेल्या सुताला, धोट्याला तोंड लावावं लागायचं, आणि आमच्या तोंडचं सूत दुसऱ्याच्या तोंडी कसं जाणार! यंत्र विलायतेचं, वाफ विलायतेची, विटाळ मात्र देशी. १९२८ च्या मोठ्या संपात बाबासाहेबांनी पुढाऱ्यांपुढे हा प्रश्न ठेवला. संपाच्या मागण्यांत सगळं होतं, हे नव्हतं. कामगार म्हणजे कामगार, एकच शब्द. आणि त्या एका शब्दाखाली अख्खं साळखातं झाकलं गेलं होतं. वस्तू होती, तिला शब्द नव्हता. एका माणसाने तो उच्चारला तेव्हा ती टेबलावर आली.

आता घटनेचं सतरावं कलम. संविधान सभेने ते २९ नोव्हेंबर १९४८ ला मंजूर केलं. मी ते पुन्हा पुन्हा वाचतो, कारण मला ते लेमच्या यंत्राला दिलेलं उत्तर वाटतं. पहिल्या धडाक्यातच अस्पृश्यता नष्ट केली आहे असं म्हटलंय. झालं की! यंत्राला हुकूम दिला, वस्तू गायब. पण लिहिणारे तिथे थांबलेले नाहीत. लगेच म्हटलंय की ती कुठल्याही रूपात पाळायला मनाई आहे, आणि तिच्यापायी कुणावर काही लादलं तर तो कायद्याने शिक्षेला पात्र गुन्हा. आता बघा, जी वस्तू नष्टच झाली ती पाळणार कोण? जी नाहीच तिच्यासाठी शिक्षा कशाला? तर्काच्या पंडिताला यात विसंगती दिसेल. मला यात शहाणपण दिसतं. लिहिणाऱ्यांना पक्कं माहीत होतं की शब्दाने वस्तू मरत नाही. शब्दाने फक्त तिचा हक्क मरतो, नंतर तिला रोज मारावं लागतं. आणखी एक. मूळ इंग्रजीत तो शब्द अवतरणचिन्हांत घातलाय आणि त्याची व्याख्या कुठेच दिलेली नाही. वकील म्हणतील ही उणीव. मी म्हणतो, बरं झालं. व्याख्या दिली असती तर उद्या कुणीतरी म्हणालं असतं, आमच्याकडे कपबशी वेगळी ठेवतात, पण ती व्याख्येत बसत नाही.

हे मी उगाच म्हणत नाही. व्याख्येने काय होतं ते गटारात दिसतं.

२०१३ साली हाताने मैला उचलण्याची प्रथा बंद करायचा नवा कायदा झाला. त्याच्या आधी १९९३ चा होता. नव्या कायद्यात 'हाताने मैला उचलणारा' कोण, ते ठरवून दिलंय. अस्वच्छ संडासातला, किंवा त्याचा मैला जिथे जाऊन पडतो त्या उघड्या नाली-खड्ड्यातला, किंवा रेल्वेच्या रुळांवरचा मैला, तो पुरता कुजायच्या आत, हाताने काढणारा. आणि खाली खुलासा: सरकारने ठरवलेली साधनं नि संरक्षक वस्तू वापरून जो हे करतो त्याला हाताने मैला उचलणारा समजायचं नाही. मैला तोच, माणूस तोच, जात तीच. हातमोजा चढला की शब्द उतरला. मग जो जमिनीखालच्या गटारात, मॅनहोलमधून, कंबरेला दोरी बांधून उतरतो आणि वायूने गुदमरतो तो कोण? त्याच्यासाठी वेगळा शब्द आहे: गटारांची आणि सेप्टिक टँकची 'धोकादायक सफाई'. दुसरं कलम, दुसरा रकाना.

आता यंत्र चालू करा. फेब्रुवारी २०२१ मध्ये लोकसभेत सरकारने आकडा दिला: ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या पाच वर्षांत गटारं आणि सेप्टिक टँक साफ करताना ३४० माणसं मेली. त्याच वर्षी जुलैत राज्यसभेत प्रश्न आला, हाताने मैला साफ करताना गेल्या पाच वर्षांत किती मेले? उत्तर आलं: असा एकही मृत्यू नोंदलेला नाही.

तीनशे चाळीस. शून्य. सहा महिन्यांच्या आत.

हे खोटं आहे का? मी यावर पुष्कळ डोकं फोडलंय. खोटं बोलणाऱ्याला निदान खरं माहीत असतं. तो खऱ्याकडे पाठ करतो, म्हणजे खरं कुठे आहे ते त्याला ठाऊक असतं. इथे तसं नाही. कारकुनाने फाईल काढली, व्याख्या बघितली, रकाना बघितला, रकाना रिकामा होता, त्याने शून्य लिहिलं. कारकून प्रामाणिक, रकाना प्रामाणिक, उत्तर कागदाप्रमाणे खरं. आणि ३४० घरांत चूल विझलेली. लेमचं यंत्रसुद्धा खोटं बोलत नाही. त्याला 'न' दिलाय, ते 'न'चं करतं. तुम्ही त्याला नेट्रियम म्हणा नाहीतर गटारात मेलेला नवरा म्हणा, त्याच्या अक्षराने सुरू होत नसेल तर त्याला ऐकू येत नाही.

म्हणून मी पापाची गोष्ट अशी लावतो. बोलणारा खरं बोलला की खोटं, एवढ्यावर नीती संपत नाही. खरं बोलायलाही रकाना लागतो, आणि रकाना आखणारा हात हिशेबात धरला पाहिजे. उत्तर देणाऱ्याला आपण सभेत धारेवर धरतो. प्रश्नाचा साचा ज्याने आधीच बनवून ठेवला तो तोवर घरी जेवत असतो. सुप्रीम कोर्टाने २७ मार्च २०१४ च्या निकालात सांगितलं की १९९३ पासून गटारात मेलेल्या प्रत्येकाच्या घरी दहा लाख द्या. २० ऑक्टोबर २०२३ ला तो आकडा तीस लाख केला. तिथे निदान मेलेला माणूस मेलेला धरला. पण ते पैसे मागायला जाणाऱ्या बाईने नवऱ्याचं मरण कुठल्या शब्दाखाली लिहायचं, हे तिला कोण सांगतो?

आमच्यातले काही दोस्त म्हणतात, अरे, शब्दांचे खेळ पोट भरलेल्यांनी खेळावेत, भाकरीचं बोल. मी त्यांना फक्त १९५० चा राष्ट्रपतींचा आदेश दाखवतो. त्यात लिहिलेलं की हिंदूखेरीज दुसरा धर्म मानणारा अनुसूचित जातीचा समजायचा नाही. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात आपले लाखो लोक बौद्ध झाले. गावात विहीर तीच, पाटलाची नजर तीच, वस्ती गावकुसाबाहेर तिथेच. कागदावर मात्र ते केंद्राच्या यादीतून उतरले. महाराष्ट्राने आपल्यापुरत्या सवलती दिल्या, पण केंद्राच्या यादीत 'बौद्ध' हा शब्द यायला १९९० साल उजाडलं. चौतीस वर्षं. एका शब्दापायी किती जणांची शिक्षणं, किती नोकऱ्या, किती भाकऱ्या गेल्या त्याचा हिशेब करा आणि मग मला सांगा शब्दाने पोट भरतं की नाही. ख्रिस्ती झालेले आपले भाऊ त्या यादीबाहेर आजही उभे आहेत.

दुसरे दोस्त उलटं बोलतात. नाव बदला, सगळं बदलेल. यांच्याशी माझं जास्त भांडण आहे, कारण ते अर्धे बरोबर आहेत. ५६ साली आपण नाव बदललं तेव्हा माणूस ताठ उभा राहिला, हे मी माझ्या घरात पाहिलंय, ते कुणी पुस्तकातून सांगायला नको. पण तो शब्द आपण घेतला होता, आपल्या तोंडाने. 'हरिजन' आपल्याला दिला गेला होता. देवाची माणसं म्हणे! देवळात सोडत नाहीत आणि देवाची माणसं. शब्द गोड आहे का कडू, हे मी बघत नाही. तो कुणाच्या तोंडातून निघाला आणि त्याने डोक्यावरची पाटी किती उतरली, ते बघतो.

आणि आता तर आपला शब्दच काढायला निघालेत. ऑगस्ट २०१८ मध्ये माहिती-प्रसारण खात्याने टीव्हीवाल्यांना कळवलं की 'दलित' म्हणणं टाळा, 'अनुसूचित जाती' म्हणा. कारण त्याआधी जूनमध्ये हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाचं तसं सांगणं होतं. बरं, दोन्ही शब्द व्याकरणाच्या अंगाने बघू. मी शाळेत फार शिकलो नाही, पण एवढं कळतं. अनुसूचित म्हणजे यादीत घातलेला. यादी झाली की संपलं. दलित म्हणजे दळलेला, भरडलेला. आता दळलेला म्हटलं की कुणीही विचारणार, कुणी दळलं? जातं कुणाचं? खुंटा कुणाच्या हातात? 'दलित' हा शब्द प्रश्न विचारतो आणि 'अनुसूचित' हा शब्द फाईल बंद करतो. सरकारी कागदात सवलतीसाठी अनुसूचित लिहावं, मीही लिहितो, हक्क सोडायचा नाही. पण बातमीत, गोष्टीत, कवितेत तो एकच शब्द राहिला तर दळणारा सुटला. यंत्राने दळणाऱ्यालाच 'काही नाही' करून टाकलं.

क्लापा शेवटी यंत्रापुढे हात जोडतो, तसं आपण का जोडायचे? तो गयावया करतो कारण त्याच्याकडे अक्षर नाही, यंत्र ट्रुर्लचं. आपल्याकडे अक्षर आलंय. उशिरा आलं, पण आलंय. हा अंक ज्या स्टेन्सिलवर निघतो तीही भोकंच. मेणकागदावर टोकदार लेखणीने पाडलेली. त्यातून शाई जाते. पत्ते कापायचं काम आपल्यालाही येतं.

तेव्हा एक काम सांगतो, करा. आपल्या गावात, वस्तीत, नगरपालिकेत, गिरणीच्या मागच्या नाल्यावर, गटारात उतरणाऱ्याला लोक काय म्हणतात, तो स्वतःला काय म्हणतो, त्याची बायको त्या कामाला काय म्हणते, मुकादम हजेरीत काय लिहितो, ते तिथे जाऊन विचारा आणि पुढच्या अंकासाठी लिहून पाठवा. चार शब्द वेगवेगळे निघतील, बघा. शुद्धलेखन बघू नका. ज्याचा शब्द असेल त्याच्या बोलीत, जसाच्या तसा लिहा. आणि कुणी मेलं असेल तर तो कुठल्या साली, किती खोल, दोरी होती का, वर कोण उभं होतं, तेही लिहा. कायद्यात बसतं का नाही ते आपण इथे बघू.